पावलाच्या मध्यभागी दुखत असेल तर एक्स-रे उभे राहूनच काढावा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पाय मुरगळला की काय करावे, याबद्दलचा मजकूर आरोग्य पुरवण्यांत नेहमी येतो: विश्रांती, बर्फ, पट्टी, पाय उंच. घोटा लचकला असेल तर बहुतेक वेळा एवढे पुरते. पण मुरगळणे फक्त घोट्यातच होत नाही. घोट्याच्या पुढे आणि बोटांच्या मागे, जिथे बुटाची नाडी बांधली जाते त्या उंचवट्याखाली, एक आखूड आणि जाड अस्थिबंध, म्हणजे हाडांना एकमेकांशी बांधून ठेवणारा पट्टा, असतो. त्याचे नाव लिस्फ्रँक लिगामेंट. तो तुटला आणि दुखापत घोट्याच्या खात्यात जमा झाली, तर काही महिन्यांत पावलाची कमान खाली बसू लागते, चवडा बाहेरच्या बाजूला वळतो आणि सांध्याची झीज सुरू होते. मग दुखणे कायमचे मागे लागते. ही दुखापत फारशी आढळत नाही. वैद्यकीय ग्रंथांत दरवर्षी सुमारे ५५ हजार लोकांमागे एक असे तिचे प्रमाण दिलेले असते. पण त्याच ग्रंथांत असेही म्हटलेले असते की पाचांतली जवळजवळ एक दुखापत पहिल्या तपासणीत निसटते. हे निसटणे बऱ्याच अंशी टाळता येण्यासारखे आहे, म्हणून हे पत्र.

नावामागची हकिकत थोडक्यात. जाक लिस्फ्रँक (१७९० ते १८४७) हे फ्रेंच शल्यविशारद. पावलाचा पुढचा भाग सडला असेल तर हाड न कापता, केवळ सांध्यातून सुरी फिरवून तो वेगळा करण्याची शस्त्रक्रिया त्यांनी १८१५ साली मांडली. तो सांधा पुढे त्यांच्या नावाने ओळखला जाऊ लागला, आणि सांध्यावरून अस्थिबंधाला व त्याच्या दुखापतीलाही तेच नाव पडले. रिकिबीत पाय अडकलेल्या स्थितीत घोड्यावरून पडणाऱ्या स्वारांना त्या काळी ही दुखापत होत असे.

आता रचना. ती जरा सविस्तर सांगतो, कारण पुढची प्रत्येक खूण तिच्यातूनच निघते. पायाच्या पाच बोटांमागे पाच लांब हाडे असतात, त्यांना मेटाटार्सल म्हणतात. अंगठ्यामागचे पहिले आणि करंगळीमागचे पाचवे. या पाचांच्या मागे चार छोटी हाडे एका ओळीत बसलेली असतात. त्यांतली अंगठ्याकडची तीन पाचरीच्या आकाराची आहेत, ती क्युनिफॉर्म. करंगळीकडचे चौथे हाड चौकोनी, ते क्युबॉइड. पहिले मेटाटार्सल आतल्या क्युनिफॉर्मला, दुसरे मधल्याला आणि तिसरे बाहेरच्याला भिडते. चौथे आणि पाचवे दोन्ही क्युबॉइडला टेकतात.

मधले क्युनिफॉर्म शेजारच्या दोघांपेक्षा आखूड आहे. त्यामुळे दुसऱ्या मेटाटार्सलचे बूड, म्हणजे मागचे टोक, बाकीच्यांच्या ओळीत न राहता मागे सरकून एका खाचेत बसते. त्याच्या तिन्ही बाजूंना हाड असते. शिवाय ही हाडे वरून रुंद आणि तळाशी अरुंद असल्यामुळे आडवा छेद घेतला तर कमान दिसते, आणि तिच्या माथ्यावर दुसऱ्या मेटाटार्सलचे बूड असते. दगडी कमानीत जे काम माथ्यावरचा कळीचा दगड करतो तेच इथे हे हाड करते. ते हलले की शेजारची हाडेही जागा सोडू लागतात. ज्यांच्यात ही खाच मुळातच उथळ असते, त्यांच्यात या दुखापतीची शक्यता जास्त असते.

हाडांची ही मांडणी कितीही चांगली असली तरी तिला बांधून ठेवणारे अस्थिबंधच. दुसऱ्यापासून पाचव्यापर्यंत प्रत्येक मेटाटार्सलचे बूड शेजारच्या बुडाशी आडव्या अस्थिबंधाने जखडलेले असते. पहिल्या आणि दुसऱ्याच्या मध्ये मात्र असा बंध नाही. त्याऐवजी आतल्या क्युनिफॉर्मच्या बाहेरच्या अंगावरून निघून तिरका जाणारा आणि दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडाला आतून धरणारा एक बंध आहे. हाच लिस्फ्रँक. लांबी साधारण ८ ते १० मिमी, जाडी ५ ते ६ मिमी. या सांध्यात बंधांचे तीन थर असतात: पावलाच्या पाठीकडचा पातळ आणि कमकुवत, तळव्याकडचा त्याहून बळकट, आणि दोन हाडांच्या मधोमध असलेला सगळ्यांत भक्कम. पाठीकडचा थर दुबळा असल्यामुळे हाडे सरकतात तेव्हा बहुधा वरच्या दिशेने सरकतात.

पावलाच्या आतल्या आणि मधल्या भागाला ताठ राहायचे असते. टाच उचलली जाते त्या क्षणी शरीराचा सगळा भार याच भागातून चवड्यावर जातो, म्हणून इथली हाडे फारच थोडी हलतात. दुसऱ्या मेटाटार्सलच्या सांध्याची हालचाल तर सर्वांत कमी, मिलिमीटरच्या आसपास. करंगळीकडचे दोन सांधे मात्र त्या मानाने बरेच हलते असतात, कारण खडबडीत जमिनीशी जुळवून घेण्याचे काम त्यांच्याकडे आहे. हा फरक पुढे शस्त्रक्रियेत फार महत्त्वाचा ठरतो.

दुखापत दोन तऱ्हांनी होते. पहिली थेट: पावलावर जड वस्तू पडणे, गाडीचे चाक जाणे. यात हाडे मोडतात, कातडी फाटते, सूज भयंकर असते आणि निदान सहसा चुकत नाही. फसवी असते ती दुसरी, अप्रत्यक्ष. पाऊल खाली वाकलेले, बोटे जमिनीवर रोवलेली, टाच वर, आणि अशा स्थितीत वरून शरीराचा भार येतो किंवा चवडा अडकून राहतो आणि वरचे शरीर वळते. जिन्याची शेवटची पायरी चुकणे, खड्ड्यात चवडा अडकून पडणे, मैदानात पडलेल्या खेळाडूच्या उभ्या टाचेवर मागून दुसरा कोसळणे, अपघाताच्या क्षणी ब्रेकवर जोरात दाबलेला पाय ही त्याची नेहमीची उदाहरणे. यांतल्या पहिल्या दोन प्रसंगांत जोर इतका साधा असतो की काही गंभीर घडले असेल असे ना पडणाऱ्याला वाटते ना पाहणाऱ्याला. अशा वेळी हाड मोडलेले नसते, फक्त अस्थिबंध गेलेला असतो, आणि नेमकी हीच दुखापत एक्स-रेत लपते.

घोट्याची आणि पावलाच्या मध्याची दुखापत वेगळी ओळखायला बोट पुरते. घोटा लचकला असेल तर बाहेरच्या घोट्याच्या हाडापुढे आणि त्याच्या खाली दाबल्यावर दुखते, सूजही तिथेच येते. लिस्फ्रँकमध्ये दुखरा बिंदू पावलाच्या पाठीवर असतो: अंगठा आणि दुसरे बोट यांच्या मधल्या फटीवरून बोट मागे सरकवत नेले की पावलाच्या साधारण मध्यावर, उंचवट्यावर, तो सापडतो. सूज पावलाच्या पाठीवर असते. घोटा मात्र बऱ्यापैकी मोकळा फिरतो.

दुसरी खूण तळव्यावर असते आणि ती बघायची राहून जाते, कारण तपासताना पाऊल वरूनच पाहिले जाते. तळव्याच्या मध्यभागी, कमानीच्या भागात, काळानिळा डाग दिसला तर लिस्फ्रँकची दुखापत नाही असे सिद्ध होईपर्यंत ती आहे असेच धरावे. तळव्याकडचे बळकट बंध तुटल्यावर तिथे रक्त साकळते, त्याचा हा डाग. तो उमटायला एखाद-दोन दिवस लागू शकतात, म्हणून पहिल्या दिवशी तळवा स्वच्छ दिसला तरी दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी पुन्हा पाहावा. डाग नाही म्हणून दुखापत नाही, असा उलटा निष्कर्ष काढू नये.

तिसरी खूण भाराची. दुखऱ्या पायाच्या चवड्यावर एकट्याने उभे राहता येत नाही, प्रयत्न केला तरी पावलाच्या मध्यात कळ येते. काही जण टाचेवर भार देऊन लंगडत चालतात, आणि ‘चालता येते आहे, म्हणजे मोडलेले नाही’ असे त्यांना सांगितले जाते. ही समजूत सोडायला हवी. डॉक्टर आणखी एक चाचणी करतात: टाच एका हाताने स्थिर धरून दुसऱ्या हाताने मेटाटार्सलचे एकेक डोके हलकेच वर-खाली करतात. हलवले पुढचे टोक, पण दुखते मागे बुडाशी. ही चाचणी घरी करू नये.

एक्स-रे कधी काढावा हे ठरवण्यासाठी आपत्कालीन विभागांत ओटावा नियम वापरतात. पावलासाठी त्यात तीन गोष्टी पाहतात: पाचव्या मेटाटार्सलच्या बुडाशी हाडावर दाबल्यावर दुखते का, क्युनिफॉर्मच्या मागे असलेल्या नॅव्हिक्युलर हाडावर दुखते का, आणि चार पावले टाकता येतात का. नियम उत्तम आहेत, त्यांनी अनावश्यक एक्स-रे कमी होतात. पण लिस्फ्रँक सांध्यावरची वेदना हा त्यांतला स्वतंत्र निकष नाही. टाचेवर रेलत चार पावले टाकणारा रुग्ण या चाळणीतून सुटू शकतो. म्हणून पहिल्या-दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडाशी दाबल्यावर दुखत असेल, तर इतर निकष काहीही म्हणोत, एक्स-रे काढावाच, असे माझे ठाम मत आहे.

आणि तो कसा काढावा, हा या पत्राचा गाभा आहे. टेबलावर आडवे पडून काढलेल्या एक्स-रेत पावलावर भार नसतो. अस्थिबंध तुटलेला असला तरी भार नसताना हाडे आपापल्या जागी शांत बसलेली असतात, फट दिसत नाही, आणि अहवालात ‘अस्थिभंग नाही’ असे येते. ते खरेही असते. उभे राहिल्यावर तीच हाडे फाकतात. म्हणून एक्स-रे उभे राहून, पायावर भार देऊन आणि दोन्ही पावलांचा एकत्र काढायचा. दुसरे पाऊल तुलनेसाठी लागते, कारण माणसागणिक ही फट थोडी कमी-जास्त असते. डॉक्टरांनी चिठ्ठीवर ‘दोन्ही पावले, उभे राहून’ असे स्पष्ट लिहावे. ते लिहिलेले नसेल तर रुग्णाने विचारावे, त्यात अनादर नाही.

छबी तीन लागतात: समोरून, ३० अंश आत वळवून तिरकी, आणि बाजूने. समोरच्या छबीत दुसऱ्या मेटाटार्सलची आतली कड आणि मधल्या क्युनिफॉर्मची आतली कड एका रेषेत हवी. तिरक्या छबीत चौथ्या मेटाटार्सलची आतली कड क्युबॉइडच्या आतल्या कडेशी जुळायला हवी. बाजूच्या छबीत मेटाटार्सलची पाठ मागच्या हाडांच्या पाठीहून वर उचललेली नसावी, पायरी दिसली तर सांधा सरकला आहे. पहिल्या आणि दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडांमधली फट २ मिमीहून जास्त असेल, किंवा चांगल्या पावलापेक्षा ती स्पष्ट रुंद असेल, तर अस्थिबंध गेल्याचा दाट संशय घ्यावा. याच फटीत कधी हाडाचा एक बारीकसा कपचा दिसतो. अस्थिबंध तुटताना आपल्याबरोबर हाडाचा तुकडा उपटून आणतो, तो हा कपचा. आकाराने क्षुल्लक, पण निदान जवळपास निश्चित करणारा. त्याला ‘किरकोळ चीर’ म्हणून सोडून देणे महागात पडते.

पहिल्या दिवशी वेदनेमुळे उभेच राहता आले नाही तर काय? जबरदस्ती करू नये. पाऊल स्थिर बांधून, भार न देता, १० ते १४ दिवसांनी पुन्हा बोलावून उभ्याने एक्स-रे काढावा. हाडांचे बारीक तुकडे पाहायचे असतील तर सीटी स्कॅन, अस्थिबंध स्वतः पाहायचा असेल तर एमआरआय. मात्र एमआरआयसुद्धा आडवे पडूनच होतो. बंध फाटलेला दिसला तरी भाराखाली सांधा किती फाकतो याचे उत्तर त्यातून मिळत नाही. एमआरआय आणि उभ्याने काढलेला एक्स-रे एकमेकांना पूरक आहेत.

प्रथमोपचारात करायचे थोडेच आहे. बूट-मोजे लगेच काढावेत, सूज वाढल्यावर ते निघत नाहीत. पायावर भार देऊ नये. पाऊल उशीवर, छातीच्या पातळीहून उंच ठेवावे. बर्फ कापडात गुंडाळून १५ ते २० मिनिटे, दिवसातून काही वेळा. चोळणे, बोटे ओढणे, ‘सांधा बसवणे’ यांतले काहीही करू नये, कारण मधला बंध तुटलेला असताना ओढाताण केली तर उरलेले बंधही जातात. एक धोका तातडीचा आहे. पावलाच्या पाठीवरच्या रोहिणीची एक शाखा नेमकी पहिल्या आणि दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडांमधून तळव्यात उतरते. मोठ्या दुखापतीत ती फाटू शकते आणि पावलातल्या स्नायूंच्या बंद कप्प्यांत रक्त व सूज यांचा दाब वाढत जातो. औषधाने न शमणारी आणि वाढतच जाणारी वेदना, बोटे हलकेच वर-खाली केली तरी असह्य कळ, बधिरपणा, पाऊल दगडासारखे कडक लागणे, बोटे थंड किंवा फिकट पडणे, यांतले काही दिसले तर सकाळची वाट न पाहता रुग्णालयात न्यावे. इथे प्रश्न तासांचा असतो.

उपचार एकाच प्रश्नावर ठरतो: भार दिल्यावर सांधा स्थिर राहतो की नाही. स्थिर असेल तर प्लास्टर किंवा बुटासारखा आधार, आणि साधारण ६ आठवडे कुबड्यांवर, दुखऱ्या पायावर भार न देता. सुरुवातीच्या काळात, दोनेक आठवड्यांनी, उभ्याने एक्स-रे पुन्हा काढून फट वाढलेली नाही याची खात्री करावी लागते. हे टाळले जाते आणि तिथेच घात होतो, कारण पहिल्या दिवशी स्थिर दिसलेला सांधा सूज ओसरल्यावर फाकू शकतो. पूर्ववत हालचालीला तीन-चार महिने धरून चालावे.

सांधा अस्थिर असेल तर शस्त्रक्रिया. सांधा पूर्ण निखळलेला असेल, कातडीवर आतून ताण येत असेल किंवा कप्प्यांतला दाब वाढला असेल तर ती तातडीने लागते. एरवी सूज उतरून कातडीवर सुरकुत्या दिसेपर्यंत, म्हणजे एक ते दोन आठवडे, थांबणेच शहाणपणाचे, कारण ताणलेल्या कातडीवर घातलेला छेद भरत नाही. हाडे अचूक जागेवर बसवणे याला पर्याय नाही, मिलिमीटर-दोन मिलिमीटरची चूकही पुढे झिजेच्या रूपात दिसते. मग आतल्या क्युनिफॉर्ममधून दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडात, म्हणजे अस्थिबंधाच्याच वाटेने, एक स्क्रू घालतात. गरजेप्रमाणे सांध्यावरून पट्ट्या लावतात. करंगळीकडच्या दोन सांध्यांत मात्र तात्पुरत्या तारा घालून सहा ते आठ आठवड्यांनी काढतात, कारण ते सांधे हलते राहायला हवेत. हाड न मोडता केवळ बंधच तुटले असतील तर काही शल्यविशारद पहिल्याच वेळी आतले सांधे कायमचे जोडून टाकतात. हाड हाडाशी भक्कम जुळते, बंध हाडाशी तितका भरवशाने जुळत नाही, हा त्यामागचा विचार. हे सांधे मुळातच फार हलत नसल्यामुळे चालण्यात फारसे नुकसान होत नाही. कोणती पद्धत चांगली यावर तज्ज्ञांत अजून मतभेद आहेत. रुग्णाने दोन्हींबद्दल विचारून घ्यावे, आणि स्क्रू पुढे काढावे लागतील का हेही. काढायचे असल्यास ते साधारण चार महिन्यांनंतर काढतात.

शस्त्रक्रियेनंतर सहा ते आठ आठवडे भार बंद. त्यानंतर आधाराच्या बुटात हळूहळू भार, मग कमानीला टेकू देणारा कडक सोल. या काळात पिंडरी आणि पावलातले छोटे स्नायू झपाट्याने वाळतात. म्हणून परवानगी मिळताच घोटा आणि बोटांचे व्यायाम, पुढे दोन्ही चवड्यांवर उभे राहणे, आणि सगळ्यांत शेवटी एका चवड्यावर. एका चवड्यावर न दुखता शरीर उचलता येईपर्यंत धावण्याची आणि उड्यांची घाई नको. खेळात परतायला सहा महिने ते वर्ष लागते. प्रशिक्षकांनी आणि पालकांनी हा हिशेब आधीच मनाशी धरला तर खेळाडूवरचा दबाव बराच कमी होईल. उजव्या पायाची दुखापत असेल तर ब्रेक पूर्ण जोराने दाबता येईपर्यंत गाडी चालवू नये.

मधुमेहींसाठी वेगळे लिहायला हवे. वर्षानुवर्षांच्या मधुमेहाने पायाची संवेदना गेलेली असेल तर हाच सांधा जवळजवळ न दुखता ढासळू शकतो. त्याला शार्को पाऊल म्हणतात. पाऊल सुजते, लाल होते, दुसऱ्या पावलापेक्षा हाताला गरम लागते, पण जखम नसते आणि वेदना असलीच तर किरकोळ. जंतुसंसर्ग समजून प्रतिजैविके दिली जातात आणि रुग्ण त्याच पायावर चालत राहतो. संसर्गाची लाली पाय बराच वेळ उंच धरला तरी टिकते, शार्कोची बहुधा ओसरते. ही खूण उपयोगी आहे, पण पुरेशी नाही. सुरुवातीचा एक्स-रे निर्दोष दिसू शकतो. अशा पावलावरचा भार त्याच दिवशी थांबवावा, आणि दोन्ही पावलांच्या उष्णतेतला फरक जाऊन ते शांत होईपर्यंत प्लास्टरमध्ये ठेवावे. त्याला कित्येक महिने लागतात. मधुमेहतज्ज्ञांनी आणि पायांची निगा राखणाऱ्या परिचारिकांनी प्रत्येक भेटीत दोन्ही पावलांना पालथा हात लावून उष्णतेची तुलना करावी, त्याला अर्धा मिनिटही लागत नाही.

कळावे,

आपला,
एक अस्थिरोगतज्ज्ञ